मुंडावळ्यांचे गोंडे आणि मालवणातलं लग्न

मी पहिल्यांदा मालवणला गेले ती समुद्र बघायला नव्हे, दादाच्या लग्नाला. साठचं दशक नुकतंच लागलं होतं, मी कोल्हापुरात कॉलेजात होते. वऱ्हाडाचे पुढारी आमचे काका, मराठीचे निवृत्त मास्तर. शब्द दिसला की त्याचं गोत्र विचारायची त्यांना खोड. मुलीकडे त्यांनी एकच मागणी कळवली होती: मुंडावळ्यांना गोंडे हवेत.

पहाटेच्या एसटीने निघालो. दाजीपूरचं जंगल सरलं की घाट लागतो. खिडकी धरा, पण पोट भरून बसू नका. घाटाखाली फोंड्याला गाडी थांबली की गरम भजी मात्र सोडू नका. पुढे रस्ता तांबड्या धुळीचा. मालवणात उतरलो तेव्हा वऱ्हाडात एकही केस पांढरा राहिला नव्हता.

दुसऱ्या दिवशी मांडवात मुंडावळ्या आल्या. दोन्ही टोकांना टपोरी झेंडूची फुलं.

"ही काय थट्टा?" काका कडाडले. "मी गोंडे मागितले होते. जरीचे!"

नवरीचे मामा जहाजावर नोकरी करून आलेले. ते शांतपणे म्हणाले, "गोंडे होये म्हणून तुमीच सांगितलास मां? ह्ये बघा, पाटीभर हाडलंय. आमच्यात ह्येकाच गोंडो म्हणतत."

"गोंडा हा संस्कृत गुच्छाचा पणतू आहे!"

"खंयचो पणतू? फूल पोर्तुगिजांनी हाडल्यानी, शब्द तेंच्याच गलबतातसून इलो."

दोघांपैकी कुणाकडेही पुरावा नव्हता, त्यामुळे वाद रंगला. भटजी मुहूर्त टळतोय म्हणून ओरडत होते. काका म्हणाले, "जरीचे गोंडे आणा, नाहीतर वऱ्हाड परत जाईल." मामांच्या बहिणीने, म्हणजे नवरीच्या आईने, डोळ्यांना पदर लावला.

तेव्हा दादा उठला. काकांसमोर जन्मात ब्र न काढलेला आमचा दादा. त्याने झेंडूच्या मुंडावळ्या उचलल्या आणि स्वतःच कपाळाला बांधल्या.

"वा! लग्नाआधीच बायकोपुढे गोंडा घोळायला लागलास?" काका म्हणाले.

आतल्या दारातून नवरीचा आवाज आला, अगदी सरळ चौकशीचा. "मामा, आता ह्यो तिसरो गोंडो खंयचो?"

मामांनाच आधी हसू फुटलं. मग मांडव हसला, शेवटी भटजीही. हसणाऱ्या मांडवातून वऱ्हाड परत कसं नेणार? काका खाली बसले. लग्न लागलं.

परतीच्या वाटेवर घाटात काकांना मळमळू लागलं. नव्या वहिनीने पदराच्या गाठीतलं आमसूल पुढे केलं. "तोंडात धरा, काका. सोलां म्हणतत ह्येंका." काकांनी मुकाट्याने धरलं. सोलां हा शब्द कुठून आला, ते त्यांनी विचारलं नाही.

घरी पोचलो तर शेजारणी दादाच्या कपाळावरची सुकलेली फुलं बघून कुजबुजल्या. काका पुढे झाले. "कोकणातली पद्धत आहे. मीच सांगून करवून घेतली."

आम्ही सगळे वहिनीकडे बघू लागलो. तिने गंभीरपणे मान डोलावली. "होय तर. काकांनीच सांगितलेलं."

आमच्या घरात कसं राहायचं ते तिला त्या उंबऱ्यावरच कळलं. तिच्याशी कसं वागायचं ते कळायला आम्हाला पुढे बराच काळ लागला.