हौलदिल

फळीवरचे पेले आपोआप किणकिणले की मला किल्लारीची आत्या आठवते. भूकंपानंतर मिळालेल्या घरात ती कायम दाराजवळच बसायची. गळ्यात काळ्या दोऱ्यात हिरवट दगड. मी लहान असताना एका दुपारी जमिनीखालून गुरगुर आली, पेले हलले, तिनं दगड मुठीत आवळला. "हे काय गं, आत्या?" "यशब हाय. आपल्याकडं हौलदिल म्हणतेत. हौल म्हंजे धसका. काळजात धसका बसला की बांधायचा." तिनं दोरा सोडून माझ्या गळ्यात बांधला. दगड तिच्या अंगानं ऊन झाला होता. "पण मला कुठं धसका बसलाय?" जमिनीकडं बघत ती म्हणाली, "बसंल." काल पेले पुन्हा किणकिणले. मी गळ्यातला दोरा सोडला आणि लेकीला हाक मारली.