इंजिनाची उत्तरपूजा

सकाळी फोन आला तेव्हा मी गॅलरीत कपडे वाळत घालत होते. पलीकडून रामदयालजींचा आवाज, "बाईजी, जीजी चली गईं।" मी म्हटलं, "इंजिनशेड में गई होगी, और कहाँ जाएगी?" ...माझ्या कमलवहिनीची जायची एकच जागा मला माहीत होती. रामदयालजी म्हणाले, "नहीं बाईजी," तेव्हा मला कळलं. नेहमीच्या वेळेला ती शेडवर आली नाही म्हणून ते राजेंद्र नगरच्या तिच्या घरी गेले. शेजाऱ्यांकडच्या किल्लीनं दार उघडलं, तर बाई झोपेतच गेलेली. आजारपण नाही, कुणाकडून सेवा करून घेणं नाही. तिच्या स्वभावाला शोभलं ते, पण मला तिचा सणसणीत राग आला. निदान एकदा भांडायला तरी थांबायचं होतंस, वहिनी!

वहिनी म्हणजे माझ्या थोरल्या भावाची बायको. भाऊ शाळामास्तर, ही कापड मिलच्या डिस्पॅच ऑफिसात क्लार्क. मिलच्या आवारात छोट्या लाइनचा रूळ यायचा आणि त्यावर वाफेचं एक बुटकं इंजिन दिवसभर डबे ओढायचं, कोळसा आत आणायचं, कापडाच्या गाठी बाहेर न्यायचं. कामगार त्याला 'बुढिया' म्हणत. वहिनीचं टेबल बरोबर त्या रुळाकडच्या खिडकीशी. बुढियाच्या शिटीवर तिची कामं चालत, घरी आली तरी बोलणं बुढियाचंच. आज ती खोकत होती, आज तिनं पाणी फार प्यायलं. भाऊ जेवताना मला हळूच सांगायचा, "तुझ्या वहिनीला सासूचा जाच नाही झाला, पण मला मात्र सवत आहे." वहिनी आतून ओरडायची, "ऐकू येतंय मला!"

मग ती वर्षं आली. बाजार खुला झाला, टीव्हीवर नवनव्या साबणांच्या जाहिराती लागल्या, आणि आमच्या शहरातल्या मिलच्या चिमण्या एकेक करून थंड पडल्या. वहिनीची मिलही बंद झाली. गेटवर कुलूप, आत यंत्रं, बाहेर माणसं. भावाच्या पगारावर घर चाललं असतं, तिला त्याची चिंता नव्हती. तिला चिंता बुढियाची होती, कारण यंत्रं भंगारात निघणार हे सगळ्यांना ठाऊक झालं होतं. ती खंडेनवमीला चौकीदाराला भेटली. म्हणाली, दरवर्षी हत्यारं पुजतो, यंदा मिल बंद म्हणून काय पुजायची नाहीत? आत शिरली आणि बुढियाला झेंडूचा हा एवढा मोठा हार घातला, शेंदूर लावला, नारळ फोडला. मिलच्या चाळीतल्या बायकाही मागोमाग आल्या आणि मग रोज हार-दिवा करू लागल्या. पुढं दिवाळीनंतर कबाडीची माणसं गॅस कटर घेऊन आली. त्यांनी शेंदूर बघितला, हार बघितला, दिवा बघितला. त्यांचा म्होरक्या चप्पल काढून हात जोडून उभा राहिला आणि म्हणाला, "भिया, अपन से नी होगा।" बाकी सगळं कापलं गेलं. बुढिया तेवढी राहिली.

वहिनीनं त्या दिवशी आमच्याकडे सुदामा नगरला पेढे आणले. तिला वाटलं, जिंकलो. तिनं जुन्या कामगारांना, रेल्वेतून रिटायर झालेल्या दोघाचौघांना गोळा करून 'छोटी लाइन जतन मंडळ' काढलं. त्यातच रामदयालजी, वाफेच्या गाड्या चालवण्यात जन्म गेलेले ड्रायव्हर. लहान लाइनचे दोन जुने डबे, गार्डाचा एक डबा, हातानं फिरवायची एक क्रेन, अशी भंगारात जाणारी मंडळी एकेक करून मिळवली, आणि राजेंद्र नगरच्या पुढे एका वापरात नसलेल्या साइडिंगच्या रुळावर पत्र्याच्या शेडमध्ये नेऊन ठेवली. राहिली फक्त बुढिया. तिला तिथं न्यायचं, दुरुस्त करायचं आणि पेटवायचं. नुसतं रंगवून उभं केलेलं इंजिन वहिनीला बघवत नसे. "पेंढा भरलेला वाघ कसला बघायचा, वन्सं? चालतं तेच इंजिन."

पण तोवर बुढियाची माता झाली होती. वर पत्रा चढला, घंटा टांगली गेली, 'भापवाली माता' असा फलक लागला. मंगळवारी आरती, नवरात्रात जागरण. नोकऱ्या गेलेल्या माणसांना हात जोडायला काहीतरी हवं होतं, त्यांना मी नावं ठेवणार नाही. पण होत काय होतं, दुधाचा अभिषेक चाकांवर, नारळाचं पाणी दांड्यांवर, आणि शेंदराचे थरावर थर सांध्यांना तेल द्यायच्या वाट्यांमध्ये. लोखंड आतून गंजत चाललं होतं. वहिनी दुपारी सामसूम बघून जायची आणि डोक्यातली हेअरपिन काढून त्या वाट्यांमधला शेंदूर कोरून काढायची. एकदा मी सोबत होते. इंजिनाच्या पत्र्याला बोट लावलं तर तांबडा भुगा हाताला आला. ती तो भुगा बघत बसली. मग म्हणाली, "कबाडीनं एका दिवसात मारली असती. मी तिला दर मंगळवारी मारतेय." तिला रडताना मी तेव्हाच पाहिलं. भाऊ गेला तेव्हाही ती माझ्यासमोर रडली नव्हती.

चाळीत तिनं बैठक घेतली. इंजिन न्यायचंय, पेटवायचंय म्हटल्यावर एकच गलका झाला. सगळ्यांत पुढे कावेरीअम्मा, ज्यांचा नवरा आणि दोन्ही मुलं त्याच मिलमध्ये कामाला होती. "जीजी, माता के पेट में आग लगाओगी? पाप नी लगेगा?" वहिनी म्हणाली, "अम्मा, मैंने ही बिठाई थी, मैं ही विदा करूँगी। गणपती को नहीं करते क्या?" एकेकाची मान डोलली. कारण अनंत चतुर्दशीला मिलच्या झांक्या, म्हणजे गाड्यांवरचे देखावे, काढण्यात ज्यांच्या पिढ्या गेल्या, त्यांना विसर्जन समजावून सांगायची गरज नव्हती. पाहुणा कितीही लाडका असो, त्याला निरोप द्यावाच लागतो.

आमचे गुरुजी मात्र बिथरले. "कमलताई, इंजिनाची उत्तरपूजा पोथीत नाही." वहिनी शांतपणे म्हणाली, "इंजिनाची प्राणप्रतिष्ठा तरी होती का? ती चालली ना?" गुरुजींनी मुहूर्त काढून दिला. ते आले. पण उत्तरपूजेत एक मेख असते. मंत्र झाले, अक्षता टाकल्या की मूर्ती जागेवरून जरा हलवावी लागते, तेव्हा देव गेला असं मानतात. शाडूच्या गणपतीला एक बोट पुरतं. ही बया टनावारी वजनाची, आणि चाकं गंजून रुळाला धरून बसलेली. रामदयालजी आधीपासून रोज जाऊन सांध्यांमध्ये रॉकेल आणि तेल सोडत होते, पण खात्री त्यांनाही नव्हती. नाही हलली तर माता जायला तयार नाही असाच त्याचा अर्थ होणार होता, आणि मग ब्रह्मदेव आला तरी तिला कुणी हात लावू दिला नसता.

गुरुजींनी अक्षता टाकल्या. चाकांखाली पहारी लावल्या. आधी मंडळाची माणसं, मग चाळीतले बाप्ये, मग पदर खोचून बायका. "जोर लगा के..." एकदा झालं, दोनदा झालं. बुढिया ढिम्म. मी वहिनीकडे पाहिलं. कपाळ इंजिनाला टेकवून, दोन्ही हातांनी ती रेटत होती, आणि ओठांतल्या ओठांत काहीतरी पुटपुटत होती. मी आजवर समजत आलेय, ती प्रार्थना नसावी, शिव्या असाव्यात. तेवढ्यात गर्दीतून कावेरीअम्मा पुढे आल्या, वहिनीच्या शेजारी खांदा लावला आणि ओरडल्या, "जा री माँ, अब जा!" कुठंतरी कर्र झालं... आणि बुढिया वीतभर सरकली. कुणीतरी जयजयकार केला, कुणी हुंदका दिला. वहिनीनं रिवाजाप्रमाणे बफरवर दही ठेवलं, आणि पुढच्याच क्षणी सुताच्या बोळ्यानं खसाखसा पुसून टाकलं. म्हणाली, "दही लोखंडाला बरं नाही."

बुढिया ट्रेलरवरून शेडमध्ये गेली. दुरुस्तीला वर्षं लागली, आणि एका दसऱ्यानंतरच्या रविवारी रामदयालजींनी तिच्या पोटात आग घातली. शिटी झाली तेव्हा मिलचे जुने खाकी शर्ट घालून आलेली माणसं लहान मुलांसारखी डब्यांकडे धावली. तेव्हापासून दरवर्षी तो रविवार ठरून गेला. साइडिंग ती केवढीशी, पण गाडी पार टोकापर्यंत जाऊन परत यायची. वहिनी कधीच आत बसली नाही. इंजिनाच्या बाजूनं, चाकांकडे कान लावून चालत जायची. कुठला सांधा वाजतो, कुठं वाफ सुटते, सगळं ऐकायची. रामदयालजी खिडकीतून तिच्याकडे बघत वेगाचा दांडा, रेग्युलेटर, धरायचे. पुढं तिचा गुडघा धरला, तशी गाडीही हळू झाली. मुलं कुरकुरायची, "इससे तेज तो साइकल चलती है।" वहिनी त्यांना दटावायची, "तो साइकल पे जाओ।"

यंदाचा रविवार तिच्या जाण्यानंतर काही आठवड्यांनीच आला. रद्द करावा असं काहींचं मत होतं. मी सरळ सांगितलं, रद्द केलात तर ती मला स्वप्नात येऊन बोलेल, तुमचं काय जातं! तर इंजिन पेटलं, डबे भरले, आणि मी आपसूकच वहिनीच्या जागी, बाजूनं चालू लागले. माझे पाय ठणठणीत आहेत. चार पावलं गेले तर मीच पुढे, बुढिया मागे. थांबले, पुन्हा चालले, पुन्हा तेच. मी वर बघून म्हटलं, "रामदयालजी, थोडा तेज लो ना।" त्यांनी रेग्युलेटरवर हात ठेवला. मग म्हणाले, "बाईजी, हाथ नी खुलता। जीजी के घुटने की आदत पड़ गई इसको।"

त्या दुखऱ्या पायाची चाल त्या लोखंडात अजून जिवंत होती. आयुष्यभर मी वहिनीशी वाद घातला, तिच्या वतीनं बोलायची वेळ पहिल्यांदाच आली होती. मी रामदयालजींना म्हटलं, "खोलिए। उसने इसको चलने के लिए बचाया था।"

त्यांनी डोळे पुसले आणि दांडा ओढला. बुढियानं मोठा श्वास घेतला, डब्यांतली मुलं ओरडली, आणि ती माझ्या शेजारून पुढे निघाली... मी थोडी धावले, मग धापा टाकत उभी राहिले आणि तिला जाऊ दिलं.