सोपानचा कॅमेरा आणि अक्काताईंची म्हैस

आमच्या सोपानच्या डॉक्युमेंटऱ्या बोटावर मोजण्याइतक्या. किस्से मात्र उसाच्या ट्रॉल्यांसारखे, एक गेली की मागं दुसरी उभीच! मी त्यात थोडं वाढवून सांगतो असं तो म्हणतो. थोडंच हं.

* * *

सोपानचा नियम एकच: कुणाला काही करायला सांगायचं नाही, नुसतं बघायचं. उचगावातल्या माझ्या हार्डवेअरच्या दुकानात त्यानं कॅमेरा लावला, तेव्हा मी रोज इस्त्रीचा शर्ट घालून, पोट आत ओढून बसायचो. हा नुसता चहा प्यायचा. शेवटी माझं पोट दमलं. एका दुपारी गल्ल्यावर डोकं ठेवून घोरायला लागलो, आणि यानं बटण दाबलं!

अख्ख्या फिल्ममध्ये मी फक्त घोरतोय. बायको म्हणाली, "कुणीतरी खरं दाखवलं एकदाचं."

* * *

कागलकडच्या एका पुढाऱ्यानं सोपानच्या कॅमेऱ्यासमोर घसा बसेस्तोवर भाषण ठोकलं. मग घाम पुसत विचारलं, "कसं झालं, पावणं?"

"वहिनींनी बटाटे झकास सोलले," सोपान म्हणाला.

त्या मागं पायरीवर बसल्या होत्या. फोकस पहिल्यापासून तिथंच होता.

* * *

मग गडमुडशिंगीच्या अक्काताई. घरात त्या एकट्या आणि गोठ्यात राणी म्हैस. धार काढताना त्या राणीशी मनातलं सगळं बोलतात, असं शेजारणीनं सांगितलेलं. सोपानची सगळी फिल्म त्या बोलण्यावरच उभी राहणार होती. पण कॅमेरा दिसला की अक्काताई गप्प. आणि परका माणूस बघून राणीनं दूधच चोरलं!

"पावणं, तुमच्या सिनेमापायी माझी किटली रिकामी ऱ्हायली की," अक्काताई म्हणाल्या.

मग सोपान शेण भरू लागला, वैरण टाकू लागला. कॅमेरा नुसता कोपऱ्यात उभा. एक दिवस अक्काताईंनी त्या ट्रायपॉडवर ओला टॉवेल वाळत घातला. सोपानचा मला लगेच फोन, "विसरल्या रं मला!" पुरस्कार मिळाल्यावरसुद्धा इतका खूश नव्हता गडी.

राणी दूध द्यायला लागली. अक्काताई मात्र मुक्याच. शेवटी सोपाननं तसंच शूटिंग आवरलं. फिल्म अर्धी राहिली म्हणून महिनाभर जेवला नाही. बरं, दोन दिवस.

* * *

आणि एका सकाळी अक्काताईंचाच फोन.

"सोपाना, राणी पान्हा सोडंना. तुझी आन् त्या तीन पायाच्याची सवय लागलीया तिला. येऊन बस की जरा."

शूटिंग केलं तर चालेल का, असं यानं विचारलं.

"नगं. रिकामा आण. तिला काय कळतंय."

मी त्याला म्हटलं, मेमरी कार्ड गुपचूप आतच राहू दे, आज बोलल्या तर? त्यानं कॅमेऱ्यातलं कार्ड काढलं, माझ्या खिशात टाकलं आणि गाडीला किक मारली.

दुपारी परत आला तो थेट दुकानाच्या पायरीवर बसला.

"दूध दिलं राणीनं?"

"किटली भरून."

"आणि अक्काताई?"

"बोलल्या की. धार संपली तरी बोलत हुत्या."

"काय बोलल्या?"

त्यानं माझ्या खिशात हात घालून आपलं कार्ड काढून घेतलं.

"कॅमेऱ्याला न्हाय दिलं ते, तुला देऊ व्हय? चहा सांग."