विमानवाल्याची चौकशी

मी संशयी माणूस आहे, आणि हा संशय मी पगार घेऊन शिकलो. सतराव्या वर्षी घर सोडून बंगलोरच्या विमान कारखान्यात लागलो आणि पुढली पंधराएक वर्षं पत्रा ठोकला. सकाळी आत जाताना पास दाखवायचा, संध्याकाळी बाहेर पडताना जेवणाचा डबासुद्धा उघडून दाखवायचा. ज्यांच्या हाताखाली काम शिकलो त्या उस्तादांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, "इथे जे बघशील ते गेटच्या आत ठेवून जायचं. उद्या बायको विचारेल, तिलाही बोलायचं नाही." मला बायको नव्हती, पण सवय लागली ती लागलीच.

पासष्टच्या लढाईनंतर मी दुबईला आलो. देऱ्यात, म्हणजे दुबईच्या खाडीच्या एका काठाला, आमच्या गावच्या जमातीने एक खोली घेतली होती. गावचा कोणीही बंदरावर उतरला की पहिली पथारी तिथेच. मला एका वर्कशॉपमध्ये काम मिळालं, पाण्याच्या टाक्या बनवायचं. ज्या हातांनी विमानाच्या पंखात रिव्हेट मारले ते हात टाक्या ठोकताना बघून माझी मलाच कीव यायची. मालक मात्र खूश होता. माझी टाकी गळत नसे.

तेव्हा माझा जीव एकाच गोष्टीत अडकलेला होता. रत्नागिरीकडे आमच्या खाडीच्या पलीकडे जे गाव आहे तिथल्या एका मुलीसाठी अम्माने मागणं घातलं होतं. बंगलोरहून सुट्टीवर गेलो असताना मी तिला एकदाच पाहिली होती, खाडीवरच्या तरीच्या होडीत. होडी डगमगली तशा बाकीच्या बायका ओरडल्या आणि ती हसली. एवढ्यावर कोणी लग्नाचं ठरवतं का? मी ठरवलं होतं. तिशी उलटून गेली होती, आणि मला तीच हवी होती. मुलीकडच्यांनी अम्माला "कळवतो" एवढंच सांगितलं होतं.

त्याच सुमारास एक चाचा आमच्या खोलीवर यायला लागले. ते पलीकडच्या काठावर, बर दुबईच्या कापडबाजारात शिवणकाम करायचे, मूळचे जंजिऱ्याकडचे. जुम्याची नमाज झाली की अब्ऱ्यात बसून, म्हणजे इथल्या त्या चपट्या होडीतून, खाडी ओलांडून यायचे. जुम्याला आमच्याकडे मच्छीभात असायचा, म्हणून आल्यागेल्याला कोणी का आलात असं विचारत नसे. मी मात्र मनात विचारलं. जंजिऱ्याच्या माणसाला स्वतःची जमात सोडून आमच्या खोलीवर काय काम?

जेवण झालं, हात धुतले, की चाचा नेमके माझ्या शेजारी येऊन बसायचे. पहिल्याच दिवशी म्हणाले, "भाई, तू एरोप्लेनच्या फॅक्टरीत होतास ना? काय बनवायचास?"

"डबे," मी म्हणालो.

"कसले डबे?"

"रेल्वेचे."

हे अगदीच खोटं नव्हतं. महायुद्ध संपल्यावर विमानांचं काम आटलं तेव्हा कारखान्याने पोट भरायला रेल्वेचे डबे बनवले होते, आणि मी लागलो तेव्हाही बनत होते. पण चाचांनी मान हलवली ती मला आवडली नाही. खोलीतली बाकीची मंडळी एकमेकांकडे बघत होती, तेही मला आवडलं नाही.

सांगायचंच असतं तर माझ्याकडे काय कमी होतं? उस्ताद युद्धाच्या काळात अमेरिकन विमानं दुरुस्त करायचे. त्यातली काही चक्क तळ्यात उतरायची आणि तिथून ओढून बाहेर काढावी लागायची. अमेरिकन परत गेले तेव्हा आपली मोठी बॉम्बर विमानं मोडीत टाकून गेले. आमच्या माणसांनी त्या मोडीतून एकेक धड विमान उभं केलं आणि ते आपल्या हवाई दलाने उडवलं. मग आपल्याच इंजिनियरांनी कागदावर काढलेलं दोन सीटचं विमान आलं, नव्या वैमानिकांना शिकवायचं. मग परवाना घेऊन बनवलेली इंग्रजी जेट. आणि शेवटी एका जर्मन साहेबाच्या हाताखाली आपलं स्वतःचं जेट. ते पहिल्यांदा उडालं तेव्हा आम्ही पत्रेवाले शेडबाहेर उभे होतो. उस्ताद रडले, मीही रडलो. पण हे सगळं गेटच्या आतलं. कोण कुठल्या शिंप्याला मी का सांगावं?

पुढच्या जुम्याला चाचा जर्मन साहेबावर आले. "तुमचा मोठा साहेब जर्मन होता म्हणतात. कसा होता रे?"

"मी काय त्याच्या मांडीला मांडी लावून बसत नव्हतो."

"आणि गेटचा पास? फोटोवाला असतो ना? तुझ्याजवळ आहे का?"

आता मात्र मी कान टवकारले. पास कशाला हवा याला? वर पुन्हा सहज विचारल्यासारखं म्हणाले, "इथले मिसरी मास्तर, इजिप्तवाले, बोलतात, तुमच्या जेटला त्यांचं इंजिन बसवून बघतायत. सच्ची बात?" हे वर्तमानपत्रातही आलं होतं. पण जी गोष्ट पेपरात आली तीच पुन्हा विचारणारा माणूस मला जास्त धोक्याचा वाटतो. मी "खुदा जाने" म्हणून पाय लांब केले.

त्या दिवशी ते निघाले तसा मीही थोडं अंतर ठेवून मागे गेलो. चाचा सरळ धक्क्यावर गेले नाहीत. आधी कराचीवाल्यांच्या चहाच्या दुकानात शिरले, आत एकाशी कुजबुजले, आणि कागदात बांधलेलं काहीतरी कुर्त्याखाली घालून बाहेर पडले. लढाई होऊन किती दिवस झाले होते? मी खोलीवर परतलो आणि पेटीतला मुदत संपलेला जुना पास काढून उशीच्या अभ्र्यात शिवला.

तिसऱ्या जुम्याला त्यांनी तो प्रश्न विचारला. "एवढी पक्की नोकरी. बंगलोर का सोडलंस?"

खरं कारण मी कोणालाच, अम्मालासुद्धा सांगितलेलं नव्हतं. बंगलोरला मी एकाच घरमालकाकडे वर्षानुवर्षं राहिलो. त्याच्या मुलीच्या लग्नात मी पंगती वाढल्या होत्या. लढाई सुरू झाली, ब्लॅकआउट लागला, आणि एका संध्याकाळी तो दारात येऊन म्हणाला, "तुमच्याकडे कोण कोण येतं? तुमचे नातेवाईक कराचीला आहेत का?" दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारलं. तिसऱ्या दिवशी म्हणाला, खोली हवी आहे, मुलगा येणार आहे. मुलगा आलाच नाही. कारखान्यात मला कोणी एका शब्दाने दुखावलं नव्हतं, पण त्या गावात दुसरी खोली शोधायला पाय उचलेना. विमान बनवणाऱ्या माणसाला त्याच्याच गल्लीत असं विचारतात, याची मला लाज वाटली. माझी चूक नसताना वाटली, म्हणून ती जास्त टोचत होती.

चाचांना मी म्हणालो, "हवा मानवली नाही."

खोलीत हशा पिकला. बंगलोरची हवा न मानवलेला मी पहिलाच माणूस असेन. चाचा मात्र हसले नाहीत. "अच्छा," म्हणाले, टोपी नीट केली आणि निघाले. नंतरच्या जुम्याला आले नाहीत. मी मनात म्हटलं, बरं झालं, पीडा टळली.

पुढे बऱ्याच दिवसांनी गावचा एक जण बोटीने आला. त्याने अम्माचा निरोप आणला होता. मुलीकडच्यांनी नकार दिला होता. त्यांचं म्हणणं, मुलगा विमान बनवतो असं तुम्ही सांगितलंत, पण तो स्वतः डबे ठोकायचो म्हणतो. नोकरी का गेली ते लपवतो. काहीतरी भानगड आहे.

"त्यांना हे बोललं कोण?" मी विचारलं.

खोलीतले सगळे जमिनीकडे बघू लागले. मग एक जण म्हणाला, "बर दुबईवाले चाचा. मुलीचे सख्खे मामू आहेत ते. चौकशीला यायचे."

"आणि तुम्ही मला सांगितलं नाहीत?"

"नवऱ्या मुलाला सांगतात का? रिवाज नाही आपला."

रिवाज मलाही ठाऊक होता. माझ्या बहिणीच्या वेळी माझे काका मुंबईत मुलाच्या शेजारी बिऱ्हाड करून राहिले होते. पण माझ्या डोक्यात जेट, जर्मन आणि कराची यांची अशी गर्दी होती की लग्नाला जागाच नव्हती.

काम अर्धं टाकून मी अब्ऱ्यात बसलो आणि बर दुबईला गेलो. चाचा मशीनवर होते. मला बघून त्यांनी पाय थांबवला.

"चाचा, सरळ विचारायचंत. मी सगळं सांगितलं असतं."

"सरळ विचारलं की दुनियेतला प्रत्येक पोरगा पाच वक्त नमाजी होतो," ते म्हणाले. "तू का लपवत होतास? मला काय समजला होतास?"

"हेर," मी म्हणालो. कराचीवाल्यांचं दुकानही सांगून टाकलं.

"पान आणतो मी तिथून. बोटीने कराचीचं पान येतं, दुसरीकडे कुठे मिळतं का?" त्यांनी मशीनवरचं कापड बाजूला केलं. राग आला असावा, पण आवाज चढला नाही. "बस. आता तरी बोल. बंगलोर का सोडलंस?"

मी बसलो आणि घरमालकाची गोष्ट सांगितली. पंगतीपासून ते न आलेल्या मुलापर्यंत सगळी. पहिल्यांदाच कोणाला तरी सांगत होतो. चाचांनी मध्ये एकही प्रश्न विचारला नाही. हा माणूस गप्प बसू शकतो हे मला तेव्हा कळलं.

मग म्हणाले, "माझा भाऊ मुंबईत घड्याळं रिपेर करतो. त्यालाही लढाईत असंच विचारलं होतं, गिऱ्हाईकांनी. हे तू पहिल्या जुम्याला बोलला असतास, तर पास कशाला मागितला असता मी? त्याच दिवशी होकार कळवला असता."

"मग आता कळवा."

त्यांनी चहा मागवला. आला तेव्हा पेला माझ्यापुढे सरकवला.

"मंगनी झाली तिची," ते म्हणाले. "मुलगा जहाजावर असतो. मीच पसंत केला. जे विचारलं ते पटापट सांगत होता."