फणसाच्या पेट्यांचा मनोरा

जी वस्तू दुसऱ्या वस्तूच्या डोक्यावर नीट बसत नाही ती देवाने घाईत अर्धी सोडलेली आहे, असं मनापासून मानणारा माणूस उभ्या कावेरीकाठी एकच झाला, आणि तो माझ्या नशिबी साडू म्हणून आला. माझ्या बायकोच्या धाकट्या बहिणीचा नवरा. धंद्याने पंपाचा मेस्त्री. तंजावुरापासून तिरुवैयारुपर्यंत शेतांतले पंप दुरुस्त करत मोपेडवर फिरायचा. घरात त्याला उशा एकावर एक लागत, तांबे एकावर एक लागत, आणि जेवायला ताटाऐवजी अडुक्कु लागे, म्हणजे तो कड्यांचा चार पुडांचा डबा. पूड वरून खाली क्रमानेच उघडायचे. वरच्या पुडात ताकभात निघाला तर आधी ताकभात, मग सांबार. दोसेही एका मापाचे हवेत. एकदा एक दोसा रास सोडून बाहेर डोकावला म्हणून त्याने हात आखडला, तेव्हा मेहुणी म्हणाली, "दोशाला खाच पाडून देऊ काय? आणा तुमची कानस!"

मी तिसरीपर्यंत शिकलो. आम्ही पिढ्यान्‌पिढ्या तंजावुरात राहिलेले मराठे; ही बाळबोध अक्षरं वडिलांनी घरी गिरवून घेतली म्हणून लिहितो आहे. चुकलं तर वाचणाऱ्याने दुरुस्त करून घ्यावं, मी करणार नाही. राजवाड्यामागच्या कारखान्यात वीणेसाठी फणसाचं लाकूड तासण्यात माझा जन्म गेला, आणि माझी हत्यारं जन्मभर एका गोणत्यात राहिली. साडूला ते बघवत नसे. संध्याकाळी तो मला मोठ्या देवळात नेई, गवतावर बसवी आणि मान मागे टाकून शिखराकडे बघत राही. उन्हाने तापलेला दगड हळूहळू मधासारखा होई, वर पोपट फिरत, आणि हा स्वप्नात बोलावं तसा बोले, "अण्णा, दगडावर दगड. मध्ये चुना नाही, काही नाही. वरच्याचं वजन हेच खालच्याचं कुलूप."

"मग मी काय करू?"

"मला हत्यारांचं असंच एक देऊळ करून द्या."

दिलं करून. वीणेच्या लाकडातून उरलेल्या फळ्यांच्या पाच पेट्या. प्रत्येक पेटीच्या बुडाला कंगोरा, खालचीच्या झाकणाला खाच, दोन्ही बाजूंना अडुक्कुसारखे पितळी आकडे. आत एकेका हत्याराच्या अंगाचं कोरलेलं घर. वरच्या पेटीत पाने, तिच्याखाली पकडी आणि हातोड्या, मग दोऱ्या-वायसर, मग बेअरिंग आणि ग्रीस, तळाला जड लोखंड. फणसाचं लाकूड ते. टिचकी मारली की प्रत्येक पेटी वेगळ्या सुरात बोले. साडू येता-जाता टिचक्या मारून ऐके आणि खुळ्यासारखा हसे.

तो मनोरा मोपेडवर बांधून निघाला की नारळीच्या बागांतून पोरं ओरडत, "तेर आलं, तेर!" देवाचा रथच जणू. म्हशी बाजूला होत. कुणी एक पाना मागितला तर हा देत नसे. पण पेटी मागितली तर अख्खी पेटी देई, कारण पाना घर सोडून गेला तर त्याला करमत नाही, असं त्याचं म्हणणं. त्याच सुमारास गच्च्यांवर टीव्हीच्या छत्र्या उगवल्या. दिल्लीने देशाची दारं उघडली म्हणत; आमच्या गल्लीत त्या दारातून आधी प्लास्टिक आलं. लोखंडाच्या दुकानात परदेशी धर्तीच्या लाल-पिवळ्या पेट्या लागल्या, एकावर एक बसणाऱ्या. दुकानदार म्हणाला, "मेस्त्री, ते लाकडी गोपुर सोडा, हे घ्या, हलकं." साडूने त्या पेटीवर टिचकी मारली, कान लावला आणि हळहळून म्हणाला, "मुकी आहे हो बिचारी."

हे सगळं त्याचं वेड, असं जग समजे. पण साडूच्या डोळ्यांतला उजेड आटत चालला होता. नस सुकते आहे, शस्त्रक्रियेने काही होणार नाही, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. घरात आम्हा चौघांना ठाऊक होतं, शेतमालकांना नाही. कळलं असतं तर कुणी पंपाला हात लावू दिला नसता, आणि पंपावाचून तो जगला नसता. "डोळे जातात तर जाऊ देत, अण्णा. हात बघतात माझे. वस्तू तेवढी जागेवर हवी." मग मीच मोपेड चालवू लागलो. तो मागे मनोऱ्याला मिठी मारून बसे आणि वाऱ्यावरून कुठलं गाव आलं ते सांगे. चुकलं की म्हणे, वारा चुकला.

मग आयुधपूजा आली. आमच्याकडे त्या दिवशी हत्यारं धुऊन, गंध-कुंकू लावून देवीपुढे ठेवतात आणि दुसऱ्या दिवशी विजयादशमीला उचलून नव्या कामाला हात घालतात. मेहुणीला वाटलं, नवऱ्याची हत्यारं नुसती पेट्यांत काय पुजायची? तिने सगळी बाहेर काढून चिंचेने घासली, नवरात्रात कोलूच्या बाहुल्या मांडतात तशी पायऱ्यांवर मांडली, मोठी मागे, लहान पुढे. दिव्यांत ती अशी झळकली की बाया प्रसादाचं हरभऱ्याचं सुंडल खायचं विसरून बघत राहिल्या. सकाळी तिने तितक्याच मायेने ती पुन्हा भरली. जिथं मावलं तिथं.

त्याच सकाळी तिरुवैयारुजवळच्या एका मळ्यात पंप हवा ओढत होता. साडूला दिसत नाही, अशी कुणकुण मालकाच्या कानावर कुणीतरी घातलेली. एरवी ओसरीवर पान खाणारा हा गृहस्थ आज पंपाच्या खोलीच्या दारात हात बांधून उभा.

साडूने वरची पेटी उघडली. हात सवयीने पान्याच्या घरात गेला आणि हातोडी घेऊन बाहेर आला. पुन्हा गेला, ग्रीसचा डबा. त्याची बोटं हवेत थांबली. मी पुढे सरकलो, तर त्याने कोपराने मला मागे ढकललं.

"काय झालं, मेस्त्री?" मालक म्हणाला.

"काही नाही, अय्या. आज विजयादशमी. आमच्या मराठ्यांत आज हत्यारं नव्याने मांडून मगच काम धरतात."

अशी काही रीत आमच्यात नाही. माझ्या आज्याने ऐकली नाही. पण साडू मांडी घालून बसला, पाचही पेट्या ओळीने ठेवून टिचकी मारून ओळखल्या आणि एकेक हत्यार उचलून, अंगठ्याने चाचपून, ज्याच्या त्याच्या घरी पोचवू लागला. तोंडाने काहीतरी पुटपुटत होता. मालकाने चपला काढल्या. मंत्र वाटले असतील. मी जवळ होतो, मला ऐकू आलं: बायकोला शिव्या चालल्या होत्या, पण इतक्या लाडाच्या की ऐकून मीच लाजलो.

मग त्याने पंपाच्या दांड्याभोवती हवा अडवायला गुंडाळलेली जुनी, कुजलेली दोरी ओढून काढली, नवी बसवली, नट आवळले. बटण दाबलं. पंप खोकला, गुरगुरला, आणि पाणी आलं.

मालक चपला घालता घालता म्हणाला, "मेस्त्री, मागच्या सुगीला तुम्ही माझ्या बुजगावण्याला हात जोडून वणक्कम केलात. त्याची तब्येतही विचारलीत."

साडूचा चेहरा उतरला. "मग आज कशाला बोलावलंत, अय्या?"

"लोक सांगत होते, आता मेस्त्रीच्यानं काम होणार नाही. म्हटलं, माझ्या डोळ्यांनी बघावं." मग म्हणाला, "पुढच्या महिन्यात दुसरी मोटार खोलायची आहे. तुम्हीच या. रीत करायला लागेल तेवढा वेळ घ्या." आणि बांधावरून निघून गेला.

आम्ही पाटाच्या कडेला बसलो. साडूने पाय पाण्यात सोडले. भाताच्या रोपांवरून ओला वारा येत होता.

"अण्णा, पाणी कसं आलंय?"

"चांगलं आलंय."

"तसं नव्हे. दिसतं कसं?"

मी लाकूड तासणारा माणूस. "पांढरं," मी म्हटलं.

"नुसतं पांढरं?"

"पाइपातून पडतं तिथं पांढरं. पुढे मातकट. मग आभाळासारखं."

"मी शेवटचं बघितलं तेव्हा वळणापाशी थोडं हिरवं होतं."

आहे, असं सांगून मोकळा होणार होतो. पण त्याने मान अशी कलती धरली होती की मला तसं सांगवेना. मी उठलो, वळणापर्यंत गेलो, वाकून पाहिलं. रोपांची सावली पाण्यात उतरली होती, काठाला धरून हलत होती.

"आहे," मी तिथूनच ओरडलो. "हिरवं आहे. थोडंच. काठाकाठाने."

"हां," साडू म्हणाला, "तेच."