कायम फॉरवर्ड

माझ्या आत्याच्या यजमानांइतका पुढे गेलेला माणूस महाड-पोलादपुरात झाला नाही, आणि इतका पुढे जाऊन कुठेच न पोहोचलेला दुसरा माणूस तर सबंध कुलाबा जिल्ह्यात शोधून सापडायचा नाही. या दोन्ही गोष्टी एकाच शब्दामुळे झाल्या. आतोबा मुंबईत फुटबॉल खेळत आणि खेळात त्यांची जागा फॉरवर्डची होती. म्हणजे सगळ्यांच्या पुढे राहायचं आणि मागून येणारा चेंडू समोरच्याच्या गोलात घालायचा. यातलं पहिलं काम त्यांनी आयुष्यभर चोख केलं.

त्यांचं गाव म्हणजे आंबेनळीच्या पायथ्याची दहा-बारा घरांची वाडी. तिथून ते मुंबईला गेले आणि पाद्र्यांच्या एका शाळेत शिपाई म्हणून चिकटले. त्या शाळेत स्पेनहून आलेला एक पाद्री होता. दीक्षा घेण्यापूर्वी तोही आपल्या मुलखात फॉरवर्ड होता आणि दर साल गाव बदलून निरनिराळ्या संघांतून खेळला होता. एकाही संघाने त्याला दुसऱ्या वर्षी ठेवला नाही, तेव्हा त्याने देवाचा संघ धरला, असं आतोबा मोठ्या आदराने सांगत. हा पाद्री पांढऱ्या झग्याचा सोगा कमरेला खोचून पोरांबरोबर धावायचा आणि 'आदेलांते' म्हणून ओरडायचा. आदेलांते म्हणजे 'पुढे हो'. आतोबांनी खेळ, तो शब्द आणि नशीब अशा तिन्ही गोष्टी त्याच्याकडून उचलल्या. शब्द तर ते घाटात अडलेल्या बैलांनाही ऐकवत आणि बैल चढत. पाद्र्याने त्यांना आपले बूटही दिले होते. ते दोन बोटं मोठे होते, म्हणून आतोबा अनवाणीच खेळत, पण बूट गळ्यात अडकवून मैदानावर नेत आणि बुटांनाही खेळ दिसावा म्हणून गोलाच्या बांबूशी मांडून ठेवत. पायात त्यांनी ते एकदाच घातले, स्वतःच्या लग्नात, आत वर्तमानपत्र कोंबून.

संघ त्यांनी किती बदलले ते विचारू नये. गिरणीच्या संघातून ते गेले, कारण पायात चेंडू असताना गिरणीचा भोंगा झाला आणि हे हाफटाइम समजून मैदानाबाहेर जाऊन बसले. मग गोदीवाल्यांनी घेतलं. पुढच्या साली ट्रामवाल्यांकडून त्याच गोदीवाल्यांशी सामना पडला, तेव्हा जुन्या सवयीने यांनी चेंडू गोदीवाल्यांना दिला. एका इराण्याने आपल्या हॉटेलातल्या माणसांचा संघ काढला होता, तिथे ते हंगामभर टिकले, पण हंगामच तेवढा टिकला नाही. पुढे पुढे असं झालं की मुंबईतल्या कुठल्याही संघाविरुद्ध उभे राहिले तरी समोर निम्मे ओळखीचे. चेंडू दुसऱ्या टोकाला असला की आतोबा समोरच्या बॅकला त्याच्या बायकोचं दुखणं विचारायचे.

मैदानाबाहेर तर ते मैदानातल्यापेक्षा जास्त खेळत. वाडीत लग्नाची पंगत बसली की पाच पानं पुढे, तीन मध्ये, दोन मागे आणि भाताच्या तपेल्याशी एकटा गोलकीपर, अशी मांडामांड ते स्वतः करत. गोल वस्तू पायाशी आली आणि त्यांनी ती सोडली असं कधी झालं नाही. आमच्याकडे सत्यनारायणाला कलशावरचा नारळ घरंगळला, तो त्यांनी पायाखाली अलगद अडवून भटजींकडे सरकवला. भटजींनी तो दोन्ही हातांनी धरला, तेव्हा आतोबा हळूच म्हणाले, "हँड." तळ्याच्या पाण्यावरून महाडात दोन तट पडले त्या वर्षी तर बाजारपेठेत भर दुकानात त्यांना कोणी विचारलं, की मुंबईत कोणाकोणाच्या हातचं पाणी पितोस. आतोबा शांतपणे म्हणाले, "हाफटायमाला बादली एकच असते, शेट. अकरा जण तोंडं घालतात. बादलीला अजून काय झालेलं नाय." आमच्या आजोबांना त्यापायी आठवडाभर बाजारातून मान खाली घालून जावं लागलं.

आजोबा म्हणजे आत्याचे वडील, यांचे सासरे. महाडच्या कोर्टात कारकून. माणूस सरळ, पण सगळं जग त्यांना अर्ज आणि शेरे यांतूनच दिसायचं. आतोबांनी वाडीवर चुलत्याला पत्र लिहिलं होतं की 'मला आता फॉरवर्ड केले आहे.' चुलता ते पत्र घेऊन स्थळ सांगायला महाडला आला. आता कोर्टात फॉरवर्ड या शब्दाचा दरारा केवढा. अर्ज फॉरवर्ड झाला तर साहेबापर्यंत जाणार, नाही तर जन्मभर धूळ खात पडणार. जो इसम स्वतःच फॉरवर्ड, त्याच्या सहीवाचून मुंबईत कागद हलत नसणार, असं आजोबांनी धरलं. त्यांनी एवढंच विचारलं, "जागा कायम आहे की हंगामी?" चुलत्याने आपल्या परीने खरं तेच सांगितलं, "कायम पुढंच असतो तो, रावसाहेब." लग्न झालं.

वर्षभराने आजोबा दातांसाठी बोटीने मुंबईला गेले आणि जावयाची कचेरी बघावी म्हणून पत्ता विचारत निघाले. लोकांनी त्यांना मैदानावर पोहोचवलं. पगडी, कोट, छत्री अशा थाटात आजोबा उभे, आणि समोर जावई अर्ध्या विजारीत चिखलात पालथा. उठला आणि पुन्हा पडला. आजोबा दात तसेच ठेवून दुसऱ्या दिवशीच्या बोटीने परत आले. कायम जागा लागेपर्यंत मुलगी पाठवणार नाही, असा त्यांनी निकाल दिला. तेव्हापासून आतोबा गणपतीला आणि शिमग्याला येत, ओटीवर बसत, चहा पीत, आणि आतल्या दाराकडे पाहून न पाहिल्यासारखं करत. घरात बोलावणं नव्हतं. आत्या माझ्याहून चारच वर्षांनी मोठी. ती चहा देऊन आत जायची आणि दाराआड उभी राहायची. अशी पाच वर्षं गेली. मला त्या दोघांचं फार वाईट वाटायचं.

मी तेव्हा महाडच्या शाळेत नुकताच मास्तर झालो होतो. शिमग्याला मुंबईहून आलेल्या पोलादपूरच्या चाकरमान्यांनी महाडकरांशी फुटबॉलचा सामना ठरवला. त्या ओटीवरच आतोबा मला म्हणाले, "मास्तर, म्हाताऱ्याला एक डाव आण रे. मला पडलेलाच बघितलाय त्यांनी." मी धीर करून आजोबांना विचारलं. ते पानाला चुना लावत म्हणाले, "त्याचं एक काम तडीला गेलेलं डोळ्यांनी पाहिलं, तर मुलीचा विचार करीन." आत्या दाराआड होती. तिने ऐकलं.

भात कापलेल्या खाचरांचे बांध मोडून सावित्रीच्या काठी मैदान केलं. रेफरी आमचे हेडमास्तर. त्यांना शिट्टी वाजवता येत होती, बाकीचं ते देवावर सोडून होते. पोलादपूरकडून फॉरवर्ड अर्थात आतोबा. महाडच्या बाजूने गोलकीपर मी, कारण मी जाड होतो आणि गोल अरुंद. आजोबा माझ्या गोलाच्या बाजूला खुर्चीवर, शेजारी बांबूशी पाद्र्याचे बूट. तासभर नुसती धूळ उडाली. मग उजवीकडून एक लांब चेंडू आला आणि आतोबा एकटे माझ्यासमोर. मी डोळे मिटून घेतले. ते मी सासरे-जावयाच्या भल्यासाठी मिटले असं पुढे सांगत असे, पण खरं कारण भीती. डोळे उघडले तेव्हा चेंडू मागच्या खाचरात होता, सगळं पोलादपूर नाचत होतं आणि आजोबा खुर्चीवरून उठून उभे होते. त्यांचा हात वर गेला होता. हेडमास्तरांनी गोलाची शिट्टीही दिली.

आतोबा मात्र जागेवरच उभे राहिले. मग हेडमास्तरांकडे चालत गेले आणि म्हणाले, "गोल नाय सायब. मी ऑफसाइड होतो."

ऑफसाइड काय ते त्या मैदानावर त्यांच्याखेरीज कोणालाच ठाऊक नव्हतं. आजोबांनी विचारलं. आतोबांनी सासऱ्याशी पाच वर्षांत केलेलं पहिलं बोलणं ते हे : चेंडू मिळण्याआधीच माणूस हक्क नसताना पुढे जाऊन उभा राहिला, तर त्याने केलेला गोल धरत नाहीत. "कोणी तक्रार केली?" आजोबांनी विचारलं. कोणीच केली नव्हती. "मग?" आतोबा खाली पाहत म्हणाले, "मला ठाव होतं ना." गोल बाद झाला. दुसरा काही झाला नाही. पोलादपूरकरांनी त्यांना दिलेल्या शिव्या मी आजवरच्या कुठल्या शिमग्यातही ऐकल्या नव्हत्या.

घरी आल्यावर आतोबा सवयीने ओटीवर टेकले. आजोबा आत गेले, पगडी काढून ठेवली आणि पुन्हा दारात आले. "तीस वर्षं कोर्टात काढली," ते म्हणाले. "कोणी न विचारता कबूल करणारा माणूस आज पहिल्यांदा पाहिला. आत या, पान वाढलंय." चौथ्या दिवशी आत्याची ट्रंक बंदरावर पोहोचली.

पुढे आजोबांनी जावयाला पहिलं पत्र घातलं, त्याच्या पाकिटावर नावाखाली लिहिलं : 'हुद्दा फॉरवर्ड (कायम)'. पोस्टमास्तरांनी विचारलं, हा कुठला हुद्दा. आजोबा म्हणाले, "मुंबईत असतो. आपल्याकडे अजून जागा निघालेली नाही." ते पाकीट एका संघाकडून दुसऱ्या संघाकडे पाठवलं जात, पाच पत्ते खोडून, तीन महिन्यांनी आतोबांना मिळालं.

मागच्या साली आत्या गेली. मी वाडीवर भेटायला गेलो, तर आतोबा ओटीवर बसले होते, गुडघ्यांना तेल लावून. ते पाकीट भिंतीवर चौकटीत होतं आणि खाली खुंटीला बूट. मी विचारलं की आतोबा, सगळे मिळून गोल किती केलेत. ते बोटांवर मोजू लागले.

"इसारलो रे मास्तर सगळे," ते म्हणाले. "बाद झाला तेवढाच ध्यानात हाय. तुझी आत्या त्याच्यावर नांदायला आली ना."