कुंडी बंद नव्हती

“क्या बे, हमकू येडा समझता क्या? बंद जगा पे लाके छोडता, और ऊपर से झूठ बोलता?”

हा ओरडणारा मी. जागा — बुऱ्हाणपूर, शहराबाहेरचा माळ, भर दुपार. समोर एक रिक्षावाला, अंगात विटका निळा शर्ट, हातात पाण्याची बाटली — आमच्यासाठीच भरून आणलेली. बाजूला माझी बायको, सुमन. आणि थोड्या अंतरावर पाच-सहा माणसं, तमाशा फुकट आहे म्हणून थांबलेली.

माझा आवाज तुम्हाला माहीत नाही. वडनेर भोलजीत माझी पिठाची गिरणी आहे. पट्ट्याच्या खडखडाटावरून बोलून बोलून गळा असा झालाय की मी कोणाच्या कानात काही सांगितलं तर ते नांदुऱ्याच्या फलाटावर ऐकू जातं आणि तिथला हमाल मान डोलावतो. त्या दिवशी तर गिरणी नव्हती, मोकळा माळ होता. सातपुड्यातली रानडुकरं उठून बसली असतील.

ही गोष्ट मी गिरणीवर इतक्यांदा सांगितली आहे की दळण टाकायला आलेली पोरंही ती पाठ म्हणतात. पण आज तुम्हाला सांगतोय ती — ती कोणालाच सांगितलेली नव्हती. परवापर्यंत नव्हती. आणि सांगताना मला राग येतोय, हे आधीच सांगून ठेवतो. कोणाचा? थांबा. तेच तर सांगायचंय.

सहल सुमनची होती. विहारातल्या कपाटात बुऱ्हाणपुरावरचं एक जुनं पुस्तक तिला सापडलं, आणि ते तिनं असं वाचलं की पानांचे कोपरे गोल झाले. नांदुऱ्याहून सकाळची गाडी, भुसावळात बदलायची, तिथून दुसऱ्या मार्गावर बुऱ्हाणपूर, संध्याकाळी परत — सगळं तिच्या डोक्यात. वाटाड्या करायचा नाही, आपलं आपण पाहायचं. मी म्हटलं, मी आहे ना! ती नुसती हसली. भुसावळ यायच्या आत मी डब्यातल्या लोकांना बुऱ्हाणपूरचा सगळा इतिहास सांगून मोकळा झालो होतो — बादशहाच्या हत्तींना रोज गाडाभर केळी लागायची, आणि त्या सालींवरून घसरून शत्रूची अर्धी फौज तापीत पडली. समोरच्या म्हाताऱ्यानं विचारलं, “कोन्या पुस्तकात हाये हे?” सुमन खिडकीतून नजर न काढता म्हणाली, “बाबा, ते पुस्तक छापाले गेलं हाये.”

अशी बायको. मी फेकायचं आणि तिनं झेलायचं, असा आमचा संसार.

किल्ला पाहिला. राणीचा हमाम पाहिला, त्याच्या छतावरचे रंग पाहून ती बराच वेळ मान वर करून उभी राहिली. मावा जिलबी खाल्ली — काळी, जड, एक खाल्ली की दोन दिवस उपास केला तरी चालेल अशी. पण हे सगळं तिच्यासाठी वाटेतलं होतं. तिला जायचं होतं कुंडी भंडाऱ्याला.

कुंडी भंडारा म्हणजे — डोंगरातून झिरपणारं पाणी जमिनीखालच्या बोगद्यातून शहराकडे आणलेलं, आणि त्या बोगद्यावर ओळीनं विहिरीसारखी तोंडं, त्यांनाच कुंडी म्हणतात. त्यांतल्या एका तोंडातून लोखंडी पाळण्यानं माणसाला खाली उतरता येतं. खाली गुडघाभर निवळ पाणी, आणि डोक्यावर आख्खी जमीन.

तिला ते काऊन पाहायचं होतं? तिचे वडील देऊळघाटचे, विहिरी खोदायचे. लहानपणी ही त्यांची भाकर घेऊन जायची आणि काठावरून दोरीला बांधून सोडायची. खालून बाप हाक मारायचा, पण बापाचं तोंड काही दिसायचं नाही. आणि खाली उतरू द्यायचं नाही कोणी — पोरीच्या जातीनं विहिरीत उतरू नये, पाणी आटतं म्हणे. बाप गेला. त्यानं खोदलेल्या विहिरींवर मोटारी बसल्या. गाडीत ती मला एवढंच म्हणाली होती, “मले एकडाव खालून वर पाह्याचं हाये.”

आता त्या माळावर या.

रिक्षावाल्यानं आम्हाला झाडाखाली उतरवलं. पुढे वळणापलीकडे पाळणा. सुमनच्या चपलेचा अंगठा तुटला होता, ती रिक्षात बसून पिन लावत होती. बाटली रिकामी झालेली, ती रिक्षावाल्यानं आपणहून उचलली आणि मागच्या टपरीकडे भरायला गेला. सुमन म्हणाली, “तुमी पुढं होऊन पाहा, चालू हाये का.” मी पुढं झालो.

गिरणीवर मी सांगतो की मी गेलो, पाळण्यात उभा राहिलो आणि पाताळात उतरलो. खाली शेळीएवढी वटवाघळं होती, त्यांनी मला रामराम घातला. पाण्यात आंधळे मासे होते आणि ते माझ्या आवाजानं तळाशी जाऊन बसले. सुमन तिथंच दळणाची चाळणी हलवत ऐकत असते. तिच्या हिशोबी या गप्पा आहेत, आणि गप्पांना कोण अडवतो?

झालं ते असं. जमिनीत एक गोल तोंड. त्यावर लोखंडी सांगाडा, त्याला टांगलेला पाळणा. तिथला माणूस स्टुलावर बसून बिडी ओढत होता. मला पाहून म्हणाला, “आ जाओ काका, अभी कोई नहीं है, आराम से देखो.” मी कठड्याला हात टेकून खाली पाहिलं. खालून गार हवा आली. कुठंतरी पाणी चाललंय असा आवाज. आणि अंधार. पाळणा जरासा हलला — नुसता वाऱ्यानं — आणि माझे पाय गेले. गेले म्हणजे गेलेच. मी तो कठडा असा धरला की त्याच्यावर अजून माझी बोटं उमटलेली असतील. मी त्या माणसाला म्हटलं, बायकोला घेऊन येतो. आणि मागं फिरलो.

तर — कुंडी उघडी होती. पाळणा चालू होता. माणूस बोलावत होता.

आणि मी रिक्षापाशी येऊन सुमनला म्हणालो, “बंद हाये.”

भीती वाटली तर सांगायचं होतं, असं म्हणताय ना? म्हणा. तुम्ही काय, घरी पंख्याखाली बसून वाचताय. पण मी कोणाला सांगणार होतो? जिच्यासमोर आयुष्यभर वाघ पळवले, साप गळ्यात घातले, पुरात म्हशीच्या शेपटीला धरून ज्ञानगंगा ओलांडली, तिला? बरं, नका सांगू भीतीचं. तिला एकटीला उतरू द्यायचं. ती उतरली असती. न घाबरता, पदर खोचून, एका दमात. मी वर उभा राहिलो असतो, तिच्या चपला सांभाळत. मला नेमकं तेच नको होतं. हे लिहायला मला किती वेळ लागला, माहीत आहे?

तिनं “बरं” म्हटलं. तोंड उतरलं, पण बरं म्हटलं. गोष्ट तिथंच मिटली असती. तेवढ्यात तो रिक्षावाला बाटली भरून आला.

सुमननं त्याला सांगितलं, बंद आहे म्हणे. तो चकित. “बंद? बंद क्यूँ होगा दीदी? सुबह ही सवारी लाया था. चलिए, मैं साथ चलता हूँ, पूछ लेते हैं.” आणि निघालाच तो. वळणापलीकडे स्टुलावर तो बिडीवाला. दोघं समोरासमोर आले की माझं सगळं उघडं.

मग मी ओरडायला लागलो.

आता ऐका, इथंच खरी गोम आहे. मला खरोखर राग आला होता. नाटक नव्हतं ते. माझ्या बायकोसमोर हा मला खोटं पाडतो? कोण हा? कमिशन खाऊन माणसं इथं आणून सोडतो आणि वर शहाणपणा करतो! मी म्हणालो ते मला बोलता बोलता खरं वाटायला लागलं. खरं बोलणाऱ्याला इतका संताप कधी येत नाही, हे मला तेव्हा कळायला हवं होतं. तुम्हाला कधी आलाय असा संताप — आपणच खोटे असताना? आला असेल तर आता मान खाली घाला, मी बघत नाही.

आमच्या वऱ्हाडात ‘बे’ म्हणजे गूळ. मित्राला ‘काय बे’ म्हटलं नाही तर तो विचारतो, रागावला काय? पण तिकडे ‘बे’ म्हणजे थोबाडीत. तो रिक्षावाला खालच्या आवाजात म्हणाला, “भाईसाब, ‘बे’ मत बोलिए.” मला माहीत होतं तिकडे त्याचा अर्थ काय. मी पुन्हा म्हटलं. मुद्दाम.

जे पाच-सहा जण थांबले होते, ते जळगावकडचं एक कुटुंब होतं. त्यांची गाडी तिथंच बिघडली होती, आणि आम्हाला स्टेशनवर सोडून परत आला की हाच त्यांना संध्याकाळपर्यंत शहर दाखवणार, असं आम्ही आलो तेव्हाच त्यांचं ठरलं होतं. त्यांच्यातल्या बाईनं पोराला हाताला धरून मागं ओढलं. मग ते सगळे हळूहळू दुसऱ्या रिक्षाकडे गेले. त्यानं ते पाहिलं. मीही पाहिलं. मी थांबलो? नाही. मी म्हटलं, “देखा? लोगां को भी समझता!”

आणि तेव्हा सुमन रिक्षातून खाली उतरली.

ही बाई आवाज चढवत नाही. दळणाच्या रांगेत भांडणं लागतात, ती चाळणी खाली ठेवते आणि भांडण आपोआप विझतं. ती एका पायात चप्पल, एका हातात चप्पल अशी त्याच्यासमोर उभी राहिली. आणि मोठ्यानं बोलली. आयुष्यात पहिल्यांदा, माझ्यासाठी.

“भाऊ, खोटं काऊन बोलता? आमचा मानूस गप्पा हाणते, साऱ्या गावाले माईत हाये. पन तो खोटं नाई बोलत. कधीच नाई. त्यानं बंद म्हटलं म्हंजे बंद.”

गप्पा आणि खोटं. या दोन शब्दांमधल्या फरकावर तिनं आमचा सगळा संसार उभा केला होता, आणि मला ते त्या माळावर कळलं. अर्धं तिचं बोलणं त्याला समजलंही नसेल. पण तो तिच्याकडे पाहत राहिला. माझ्याकडे नाही. मग पाण्याची बाटली तिच्या हातात दिली आणि म्हणाला, “आप कह रही हैं दीदी, तो बंद होगा.”

मी तेव्हा तोंड उघडू शकत होतो. तोंड तर माझं कधीच बंद नसतं. पण नेमकं तेव्हा — नाही.

त्यानं आम्हाला मुकाट्यानं स्टेशनवर सोडलं. परतीच्या गाडीत केळीच्या बागा मागं पडत होत्या आणि सुमन माझीच समजूत काढत होती. जाऊ द्या, डोकं गरम करून घेऊ नका, एवढ्या लांबून आलो, असं व्हायचंच. पुड्यातली उरलेली जिलबी तिनं मला दिली. मी खाल्ली. ऐकताय ना? खाल्ली मी ती.

पुढचं तुम्ही ओळखलंच असेल. गिरणीवर रिक्षावाला वाढत गेला. पहिल्या वर्षी त्याला मिशा आल्या, मग कमरेला सुरा आला, मग त्याचे तीन भाऊ आले आणि मी चौघांना लोळवलं. गावातलं कोणी बुऱ्हाणपूरला निघालं की लोक सांगायचे, तिथले रिक्षावाले लबाड, गिरणीवाल्याला विचारा. माझ्या तोंडातून पटकन पडलेल्या एका खोट्यावर आख्ख्या शहराचं नाव खराब. आणि मी त्यावर टाळ्या घेतल्या.

मग परवा. सुमनच्या बचत गटाच्या बायकांची सहल निघतेय — बुऱ्हाणपूरलाच. नेणारी सुमनच. गिरणीसमोरच्या ओट्यावर बसून ती त्यांना सांगत होती, कुंडी भंडारा पाहायचाच, पण रिक्षा करायची नाही. “पायदळ जाऊ. ते लोकं लबाड असतेत, म्या सोता पाह्यलं.” गुंफाबाई म्हणाली, “बाई, माह्ये गुडघे?” सुमन म्हणाली, “हळूहळू जाऊ. लबाड मानसाच्या रिक्षात बसन्यापक्षा गुडघे दुखलेले बरे.”

बायका गेल्या. लाइट गेलेली होती, गिरणी थंड. मी सांगितलं. पाळणा, कठडा, बिडीवाला माणूस, गेलेले पाय — सगळं. एकही वटवाघूळ न घालता. आवाज एवढा बारीक निघाला की एका वाक्यावर तिनं “काय म्हटलं?” म्हणून पुन्हा विचारलं, आणि ते वाक्य मला दोनदा म्हणावं लागलं.

मला वाटलं, ती विहिरीचं काढेल. बापाचं काढेल. एवढ्या वर्षांचं काढेल. मी तयारी करून बसलो होतो.

ती काट्याच्या पारड्यातलं पीठ हातानं झटकत राहिली. पारडं साफ झालं. मग म्हणाली, “म्हंजे त्या रिक्षावाल्यापाशी मी बी खोटीच ठरली.”